गर्भाशयग्रीवेची बदलती रूपे

बेंगळुरूतील बनशंकरी भागात राहणारी मराठी स्त्री दवाखान्यात गेली, तर तिच्या कानी ‘गर्भकंठ’ हा कन्नड शब्द पडण्याचा संभव आहे. मराठी पुस्तकांत त्यालाच ‘गर्भाशयग्रीवा’ म्हणतात आणि घरोघरी ‘पिशवीचे तोंड’. कंठ म्हणा, ग्रीवा म्हणा, रोख गळ्यामानेकडेच आहे. डॉक्टरांच्या तोंडी असलेल्या ‘सर्व्हिक्स’ या मूळच्या लॅटिन शब्दाचा अर्थही मान असाच होतो. गर्भाशयाचा आकार उपड्या धरलेल्या नासपतीसारखा असतो. त्याचा खालचा, सुमारे ३ सेंटिमीटर लांबीचा निमुळता भाग योनिमार्गात उघडतो. हीच ग्रीवा.

या अवयवाचे रूप महिन्याभरातही एकसारखे राहत नाही. पाळीच्या दिवसांत तिचे छिद्र किंचित सैल होते व रक्त बाहेर पडते. पाळी थांबल्यावर स्राव अगदी अल्प असतो. अंडाशयातून बीज सुटण्याचा काळ जवळ आला की इस्ट्रोजेन या संप्रेरकाचे प्रमाण वाढते. ग्रीवा मऊ होते, थोडी वर सरकते आणि अंड्याच्या पांढऱ्या बलकासारखा पारदर्शक, तार धरणारा स्राव येऊ लागतो. शुक्रजंतूंना आत जाण्यास हाच स्राव वाट देतो. बीज सुटल्यानंतर प्रोजेस्टेरॉनच्या प्रभावाने तो दाट व चिकट होऊन वाट अडवतो. या निरोगी स्रावालाच ‘अंगावर पांढरे जाणे’ समजून कित्येक स्त्रिया विनाकारण औषधे घेतात. स्रावाला दुर्गंधी असेल, खाज सुटत असेल किंवा त्यात रक्त दिसत असेल, तर मात्र तपासणी करून घ्यावी.

दिवस राहिले की ग्रीवेचा रक्तपुरवठा वाढतो. ती मऊ पडते, तिच्यावर निळसर छटा येते आणि दाट स्रावाचे बूच तिचे छिद्र बंद करते. गर्भ वाढत असताना ती मिटलेली राहते. प्रसूतीच्या वेळी हीच ग्रीवा आखूड व पातळ होत १० सेंटिमीटरपर्यंत उघडते आणि पुढच्या काही आठवड्यांत पुन्हा मिटते. नैसर्गिक प्रसूतीनंतर तिचे गोल छिद्र आडव्या फटीसारखे दिसू लागते. वयात येताना व गरोदरपणी आतल्या नळीचे नाजूक अस्तर बाहेरच्या बाजूस येते. तो भाग तांबूस दिसतो, म्हणून त्याला ‘जखम’ म्हणण्याची रीत पडली. वस्तुतः ती जखम नव्हे. परंतु हा एक शब्द घाबरलेल्या स्त्रीला शस्त्रक्रियेच्या टेबलापर्यंत नेऊ शकतो. बीड जिल्ह्यातील ऊसतोडणी कामगार स्त्रियांच्या प्रश्नावर २०१९ मध्ये डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. पाहणी केलेल्या ८२,३०९ स्त्रियांपैकी १३,८६१ जणींची पिशवी काढलेली आढळली. प्रत्येकीचे कारण एकच नव्हते. बुडणाऱ्या मजुरीचा धाक होता, तसाच कॅन्सरचाही.

पाळी कायमची गेल्यावर इस्ट्रोजेन घटते. ग्रीवा लहान, फिकट व कोरडी होते, छिद्र आकसते. बाहेरचे जाड अस्तर व आतले नाजूक अस्तर जिथे भेटतात, ती सीमा नळीच्या आत सरकते. या सीमेवरच ग्रीवेचा कर्करोग बहुधा सुरू होतो. शरीरसंबंधातून येणारा ह्यूमन पॅपिलोमा विषाणू त्याचे कारण. बहुतेक स्त्रियांचे शरीर या विषाणूला आपोआप घालवते. थोड्याजणींत तो टिकून राहतो आणि बहुधा दहा-पंधरा वर्षांनी रोग प्रकट होतो. ग्रीवेला सौम्य अ‍ॅसेटिक आम्ल लावून पांढरे डाग पाहण्याची तपासणी स्वस्त व सोपी आहे. परंतु सीमाच आत गेली, तर डोळ्यांना दिसणार काय?

या प्रश्नाचे एक मोलाचे उत्तर मराठवाड्यातून मिळाले. १९९९ पासून तेव्हाच्या उस्मानाबाद, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यात ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ स्त्रियांचा अभ्यास झाला. बार्शीचे नर्गिस दत्त स्मृती कर्करोग रुग्णालय व मुंबईचे टाटा स्मारक रुग्णालय त्यात सहभागी होते. एका गटाची विषाणू-तपासणी, दुसऱ्याची पेशी-तपासणी, तिसऱ्याची आम्ल लावून पाहणी झाली. चौथ्या गटाला नेहमीचीच आरोग्यसेवा मिळाली. २००९ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले. चौथ्या गटात या कर्करोगाने ६४ स्त्रिया दगावल्या, तर विषाणू-तपासणीच्या गटात ३४. इतर दोन गटांत मृत्यू लक्षणीय प्रमाणात घटले नाहीत. चौथ्या गटाला तपासणीविना ठेवण्यावर पुढे टीका झाली, आणि ती दुर्लक्षिण्याजोगी नाही.

विषाणू-तपासणीसाठी ग्रीवा डोळ्यांना दिसण्याची गरज नसते. योनिमार्गातील नमुना मऊ काडीने स्त्री स्वतःही घेऊ शकते; जागतिक आरोग्य संघटनेने ही पद्धत मान्य केली आहे. मात्र पाळी जाऊन वर्ष उलटल्यावर रक्ताचा एखादा डाग जरी दिसला, तरी ‘पाळी परत आली’ असे न मानता लगेच डॉक्टरांकडे जावे, मग आधीची तपासणी निर्दोष आलेली असली तरीही.