फोन आपला, कुलूप गुगलचं

‘गुगल लॉक पडलंय, काढून मिळेल का?’ मोबाइल दुरुस्तीच्या कुठल्याही दुकानात तासभर उभं राहिलं तर हा प्रश्न कानावर पडण्याची बरीच शक्यता असते. विचारणारा बहुधा चोर नसतो. पॅटर्न विसरलेला असतो, कुणीतरी सुचवलेलं असतं की पॉवर आणि व्हॉल्यूमचं बटण एकदम दाबून फॉरमॅट मार. फोन पुसला जातो, नव्यासारखा सुरू होतो, भाषा विचारतो, वायफाय विचारतो आणि मग अडून बसतो: या फोनवर आधी असलेल्या गुगल खात्याने लॉगिन करा.

या कुलपाचं अधिकृत नाव फॅक्टरी रिसेट प्रोटेक्शन, दुकानदारांच्या तोंडी एफआरपी. त्याचं मूळ अमेरिकेतल्या फोनचोऱ्यांत आहे. २०१३च्या सुमारास न्यू यॉर्क आणि सॅन फ्रान्सिस्कोमध्ये हातातून फोन हिसकावण्याचे प्रकार इतके वाढले होते की ‘ॲपल पिकिंग’ असा शब्दच रूढ झाला. चोरलेला फोन पुसला की विकायला मोकळा, ही खरी गोम होती. त्या वर्षी न्यू यॉर्कचे ॲटर्नी जनरल एरिक श्नायडरमन आणि सॅन फ्रान्सिस्कोचे जिल्हा सरकारी वकील जॉर्ज गॅस्कॉन यांनी कंपन्यांवर दबाव आणायला सुरुवात केली. ॲपलने सप्टेंबर २०१३मध्ये आयओएस ७सोबत ‘ॲक्टिव्हेशन लॉक’ आणलं. कॅलिफोर्नियाने २०१४मध्ये कायदाच केला: १ जुलै २०१५नंतर बनलेल्या आणि तिथे विकल्या जाणाऱ्या स्मार्टफोनमध्ये अशी सोय हवीच. गुगलनेही मार्च २०१५मध्ये अँड्रॉइड ५.१मधून आपलं कुलूप बाजारात उतरवलं.

पुसलेल्या फोनला जुना मालक आठवतो तरी कसा? फोनच्या साठवणीत एक छोटासा कप्पा वेगळा राखलेला असतो. बटणं दाबून केलेला रिसेट फोटो, ॲप, संपर्क सगळं उडवतो, पण या कप्प्याला हात लावत नाही. फोनवर गुगल खातं आणि स्क्रीन लॉक दोन्ही असलं, की हे कुलूप कुणी न सांगताच लागतं. सेटिंग्जमधून रिसेट करताना फोन आधी पिन विचारतो, म्हणजे मालक समोर आहे हे त्याला कळतं. बटणांच्या मार्गात ती विचारपूस नसते. म्हणून चोर आणि विसरभोळा मालक दोघंही त्याच्या लेखी सारखेच.

आपल्याकडे यात आणखी एक गुंता आहे. पहिला स्मार्टफोन घेणाऱ्या कित्येकांचं गुगल खातं त्यांनी स्वतः उघडलेलंच नसतं. दुकानातल्या मुलाने फोन ‘चालू करून देताना’ पटकन एक जीमेल बनवलेलं असतं, पासवर्ड त्यालाच सुचला तो. आजींना फोन लावता येतो, नातवाशी व्हिडिओ कॉल होतो. आपलं एखादं खातं आहे याचा त्यांना पत्ताही नसतो. ही व्यवस्था ज्याला आपल्या किल्ल्या माहीत आहेत अशा माणसासाठी रचलेली आहे, आणि बाकीचे तिच्यात अडकतात.

तरीही वाट असते. अनेक फोनवर त्याच पडद्यावर खात्याऐवजी जुना पिन किंवा पॅटर्न टाकण्याचा पर्याय दिसतो. तो आठवत असेल तर काम तिथेच संपतं. पासवर्ड तेवढा विसरला असेल तर दुसऱ्या फोनवरून गुगलच्या खाते-पुनर्प्राप्तीच्या पानावर जावं. ईमेलच आठवत नसेल, तर खात्याला जोडलेला मोबाइल नंबर आणि खात्यावरचं नाव देऊन तो शोधता येतो. कपाटात पडलेला जुना फोन इथे फार उपयोगी ठरतो, कारण बऱ्याचदा तेच खातं त्यावर सुरू असतं. शिवाय नेहमीच्या फोनवरून, नेहमीच्या ठिकाणाहून केलेल्या प्रयत्नावर गुगल जास्त विश्वास ठेवतं. पासवर्ड नुकताच बदलला असेल तर फोन पुन्हा रिसेट करण्याआधी २४ तास थांबा, असंही गुगल सांगतं. हे सगळं थकलं, की मूळ बिल, आयएमईआय (फोनचा ओळख क्रमांक) छापलेला खोका आणि ओळखपत्र घेऊन कंपनीच्या अधिकृत सेवा केंद्रात जाणं उरतं. तिथले नियम कंपनीगणिक वेगळे, पण बिलाशिवाय कुणी दाद देईल ही आशा धरू नये.

‘पाच मिनिटांत बायपास’ असं सांगणारे व्हिडिओ पुष्कळ आहेत. त्यातल्या बऱ्याच युक्त्या एखाद्या जुन्या त्रुटीवर उभ्या असतात आणि पुढच्या सुरक्षा अपडेटमध्ये ती बुजते. २०२४च्या अँड्रॉइड १५ने तर सुरुवातीची पानं चुकवून आत शिरलेल्यालाही अडवलं: नवं खातं जोडता येत नाही, नवा पिन ठेवता येत नाही, ॲप घेता येत नाही. अशा बायपाससाठी संगणकावर उतरवलेलं अनोळखी सॉफ्टवेअर मात्र तिथेच राहतं.

दिवाळीत जुने फोन हातोहात फिरतात, तेव्हा हे कुलूप व्यवहारातही आडवं येतं. विकणाऱ्याने आधी सेटिंग्जमधून गुगल खातं काढावं, मग तिथूनच रिसेट करावा. घेणाऱ्याने फोन होम स्क्रीनपर्यंत सुरू झालेला पाहून पैसे द्यावेत. आयफोनचा जुना मालक परगावी असला तरी आयक्लाउडवरून तो फोन आपल्या खात्यातून काढू शकतो. अँड्रॉइडमध्ये सहसा जुन्या मालकाचा पासवर्ड त्याच फोनवर टाकावा लागतो.

कुलूप उघडलं म्हणजे फोटो परत आले, असं मात्र नाही. आजच्या फोनमधली माहिती सांकेतिक रूपात साठवलेली असते आणि रिसेटमध्ये ती उलगडणारी किल्लीच नष्ट होते. गुगल फोटोज किंवा व्हॉट्सॲपच्या बॅकअपमध्ये जे होतं, तेवढंच मिळतं.

हरवून सापडलेल्या फोनला आणखी एक कुलूप असू शकतं. चोरीच्या फोनचा आयएमईआय मोबाइल नेटवर्कवरच बंद करणारी सीईआयआर ही केंद्र सरकारची यंत्रणा सप्टेंबर २०१९मध्ये प्रायोगिक रूपात आधी महाराष्ट्रात आली, मे २०२३मध्ये संचार साथी पोर्टलमधून देशभर झाली. तिथे तक्रार नोंदवून फोन बंद केला असेल, तर गुगलचं कुलूप उघडूनही त्यात सिम चालत नाही. त्यासाठी त्याच पोर्टलवर जाऊन, तक्रारीच्या वेळी मिळालेला विनंती क्रमांक देऊन फोन पुन्हा सुरू करून घ्यावा लागतो.