पु. ल. देशपांडे : प्रसारण आणि एकपात्री कारकीर्द

पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे (८ नोव्हेंबर १९१९, मुंबई – १२ जून २०००, पुणे) हे मराठी लेखक, नाटककार, संगीतकार, अभिनेते आणि वक्ते होते. महाराष्ट्रात ते 'पु. ल.' किंवा 'पुलं' या नावाने ओळखले जातात. विनोदी लेखक ही त्यांची सर्वांत रूढ ओळख असली, तरी भारतातील दूरचित्रवाणीच्या पहिल्या कार्यक्रम-निर्मात्यांमध्येही त्यांची गणना होते. पंतप्रधान जवाहरलाल नेहरू यांची भारतीय दूरचित्रवाणीवरील पहिली मुलाखत घेण्याचा मान त्यांच्याकडे जातो. पुढे या माध्यमातील सुरक्षित सरकारी नोकरी सोडून त्यांनी रंगमंचावर एकट्याने प्रयोग करण्याचा मार्ग पत्करला. प्रस्तुत लेख त्यांच्या कारकिर्दीच्या या बाजूविषयी आहे.

पार्श्वभूमी

देशपांडे यांचा जन्म मुंबईतील गावदेवी भागात झाला. त्यांचे बालपण जोगेश्वरी आणि विलेपार्ले येथे गेले. मातामह वामन मंगेश दुभाषी हे साहित्याचे व्यासंगी असून त्यांनी रवींद्रनाथ ठाकूर यांच्या 'गीतांजली'चा मराठी अनुवाद केला होता. शालेय शिक्षण पार्ले टिळक विद्यालयात झाल्यावर पुलंनी पुढील शिक्षण मुंबई, पुणे व सांगली येथे घेतले आणि कायद्याची पदवीही मिळवली. शिक्षण घेत असताना व त्यानंतर त्यांनी कारकुनी केली, शाळेत शिकवले आणि काही काळ बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात मराठीचे अध्यापन केले. कारकुनाच्या जगाशी आलेला हा संबंध पुढे 'असा मी असामी'तील धोंडो भिकाजी कडमडे जोशी या पात्रातून दिसतो. बेळगावातील वास्तव्यामुळे मराठी-कानडी मिश्रणाची लकब त्यांच्या कानात बसली. 'रावसाहेब' या व्यक्तिचित्रात त्यांनी तिचा केलेला उपयोग विशेष गाजला.

१२ जून १९४६ रोजी रत्नागिरी येथे सुनीता ठाकूर यांच्याशी त्यांचा नोंदणी पद्धतीने विवाह झाला. सुनीताबाई त्यांच्या सहकलाकार तर होत्याच, शिवाय त्यांच्या पुढील सर्व प्रयोगांच्या व्यवस्थापकही होत्या.

१९४७ ते १९५३ या काळात पुलंनी चित्रपटांत अभिनेता, लेखक व संगीतकार म्हणून काम केले. 'देवबाप्पा' (१९५३) या चित्रपटातील 'नाच रे मोरा' या गाण्याची चाल त्यांची आहे. त्याच वर्षी आलेल्या 'गुळाचा गणपती'मध्ये लेखन, दिग्दर्शन, संगीत व प्रमुख भूमिका अशा सर्व जबाबदाऱ्या त्यांनी सांभाळल्या. त्यामुळे 'सबकुछ पु. ल.' हा शब्दप्रयोग रूढ झाला. या चित्रपटानंतर मात्र ते या व्यवसायापासून दूर झाले.

आकाशवाणी आणि दूरचित्रवाणी

१९५५ मध्ये पुलंनी आकाशवाणीत नोकरी धरली. त्या काळात मराठी घरांमध्ये रेडिओ हे करमणुकीचे आणि माहितीचे मुख्य साधन बनत होते. आकाशवाणीसाठी त्यांनी भाषणे, श्रुतिका आणि संगीत कार्यक्रम केले. त्यांतील काही लेखन पुढे पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाले. श्रुतिकेत नेपथ्य नसते, वेषभूषा नसते. श्रोत्याला जे दिसायचे ते केवळ आवाजातूनच उभे करावे लागते. एका माणसाने आवाजाच्या बळावर अनेक माणसे उभी करण्याचे जे कौशल्य पुढे त्यांच्या रंगमंचीय प्रयोगांत दिसले, त्याची मोठी तयारी याच नोकरीत झाली, असे मानण्यास जागा आहे.

१९५८ च्या सुमारास माध्यम-प्रशिक्षणासाठी त्यांना लंडनला बी.बी.सी.कडे पाठवण्यात आले. तेथून त्यांनी युरोपातील इतर देशांतही प्रवास केला. या प्रवासावरील 'अपूर्वाई' (१९६०) हे पुस्तक मराठी प्रवासवर्णनांमध्ये आजही सर्वाधिक वाचल्या जाणाऱ्या पुस्तकांपैकी एक आहे.

१५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत दूरचित्रवाणीचे प्रायोगिक प्रक्षेपण सुरू झाले. ही सेवा त्या वेळी आकाशवाणीचाच एक भाग होती. 'दूरदर्शन' ही स्वतंत्र यंत्रणा १९७६ मध्ये अस्तित्वात आली. सुरुवातीचे कार्यक्रम युनेस्कोच्या साहाय्याने, आठवड्यातून दोनदा आणि थोडाच वेळ प्रक्षेपित होत. घरोघरी संच नव्हते. दिल्ली व आसपासच्या वस्त्यांत ठेवलेल्या सामुदायिक संचांसमोर लोक जमत आणि शिक्षण, आरोग्य, नागरी जीवन अशा विषयांवरील कार्यक्रम पाहत. पुलं या नव्या माध्यमाचे एक आद्य निर्माते होते आणि नेहरूंची मुलाखत त्यांनी याच काळात घेतली.

या कामगिरीचा उल्लेख त्यांच्या चरित्रात हमखास येतो. परंतु ती पाहू शकणाऱ्यांची संख्या किती अल्प होती, याकडे सहसा लक्ष जात नाही. महाराष्ट्रात दूरचित्रवाणी पोहोचली ती २ ऑक्टोबर १९७२ रोजी, मुंबई केंद्र सुरू झाल्यावर. म्हणजे ज्या मराठी माणसांना त्यांचा विनोद सर्वांत जवळचा वाटला असता, त्यांच्यापैकी बहुतेकांनी त्यांना पडद्यावर पाहिलेच नव्हते. मुंबई केंद्र सुरू झाले तेव्हा पुलंनी नोकरी सोडून दशक उलटले होते.

'बटाट्याची चाळ'

'बटाट्याची चाळ' हे पुस्तक १९५८ मध्ये प्रसिद्ध झाले. गिरगावातील एका जुनाट चाळीतील बिऱ्हाडकरूंच्या जीवनावरील हे लेखन आहे. सोकाजी नानाजी त्रिलोकेकर, अण्णा पावशे, जनोबा रेगे, बाबा बर्वे, राघूनाना सोमण, मंगेश हट्टंगडी अशा पात्रांची नावे उच्चारताच त्यांची जात, मूळ प्रांत, बोली आणि ऐपत लक्षात यावी, अशी योजना लेखकाने केली आहे. १९६१ मध्ये पुलंनी याच पुस्तकाचा एकपात्री प्रयोग रंगमंचावर आणला आणि त्याच सुमारास पूर्णवेळ लेखन व प्रयोगांकडे ते वळले.

मराठी प्रेक्षकाला एकट्या माणसाने प्रेक्षागृह ताब्यात ठेवणे अपरिचित नव्हते. कीर्तनकार हेच करीत आला आहे: उभ्याने बोलणे, मध्येच गाणे, एका क्षणी राजा तर दुसऱ्या क्षणी भिकारी होणे आणि आख्यान सोडून चालू घटनेवर शेरा मारून पुन्हा आख्यानात परतणे. पुलंच्या प्रयोगात देव आणि बोध नव्हते. पण बांधणी पुष्कळशी तशीच होती. नेपथ्य जवळजवळ नव्हते. पात्र बदलले हे आवाज, उभे राहण्याची ढब आणि मानेच्या हालचालीवरून कळे. गायन व संवादिनीवादनाचे शिक्षण झालेले असल्यामुळे स्वरांची आणि विरामाची जाण त्यांना पक्की होती. हशा कोठे थांबू द्यायचा आणि कोठे त्याच्यावर पुढचे वाक्य चढवायचे, यावर त्यांच्या प्रयोगाचा तोल उभा असे.

या प्रयोगातील विनोद निरुपद्रवी मानण्याचा प्रघात आहे, तो पूर्णतः बरोबर नाही. 'गच्चीसह झालीच पाहिजे' हे प्रकरण संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीतील घोषणेचे विडंबन आहे. मुंबईसह संयुक्त महाराष्ट्रासाठी आंदोलन ऐन भरात होते आणि त्यात माणसे मृत्युमुखी पडली होती. त्याच काळात चाळीच्या गच्चीच्या हक्कासाठी चाललेला बिऱ्हाडकरूंचा लढा त्याच भाषेत रंगवणे सोपे नव्हते. लेखक तेव्हा सरकारी नोकरीत होता, हेही लक्षात घेण्यासारखे आहे. विडंबनाचा रोख चळवळीच्या मागणीवर नसून सभा, ठराव, शिष्टमंडळे आणि भाषणांच्या सवयीवर आहे. म्हणूनच चळवळीत भाग घेतलेल्या वाचकांनाही ते आपले वाटले. पुस्तकाचे शेवटचे प्रकरण, 'एक चिंतन', या हास्याला अचानक दुसरीकडे नेते. चाळ जाणार आणि तिच्यासोबत एक जीवनपद्धतीही जाणार, याची जाणीव तेथे होते. मुंबईत चाळी पाडून उंच इमारती उभ्या राहू लागल्यावर या प्रकरणाकडे वाचक अधिक गांभीर्याने पाहू लागले.

'वाऱ्यावरची वरात' आणि नंतरचे प्रयोग

१९६२ मध्ये आलेली 'वाऱ्यावरची वरात' एकपात्री नव्हती. श्रीकांत मोघे, लालजी देसाई, स्वतः सुनीताबाई आदी कलाकार तीत होते. मात्र पुलं हेच तिचे सूत्रधार होते. सलग कथानक नसलेले प्रसंग, गाणी आणि नकला यांना निवेदनाच्या धाग्यात ओवण्याची ही रीत आजच्या दूरचित्रवाणीवरील विनोदी कार्यक्रमांची आठवण करून देते. तिच्या उत्तरार्धातील मध्यमवर्गीय घरातील सुट्टीच्या दिवसाचे चित्रण विशेष लोकप्रिय झाले. 'असा मी असामी', 'वटवट' आणि 'हसविण्याचा माझा धंदा' हे त्यांचे अन्य प्रयोग होत.

या सर्व प्रयोगांमागे सुनीताबाईंची काटेकोर व्यवस्था होती. वेळ, हिशेब, करार आणि पुढे पुस्तकांचे हक्क हे सारे त्याच पाहत. यशस्वी प्रयोगांतून आणि पुस्तकांतून आलेल्या पैशाचा मोठा भाग या दांपत्याने आपल्या प्रतिष्ठानामार्फत सामाजिक व सांस्कृतिक संस्थांना दिला. पुण्यात १९८६ मध्ये सुरू झालेल्या मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्राच्या उभारणीतही या देणगीचा वाटा होता. हसतमुख कलावंताच्या घरातील श्रमविभागणी किती विषम होती, हे सुनीताबाईंनी 'आहे मनोहर तरी' (१९९०) या आत्मपर पुस्तकात परखडपणे लिहिले. पुलंच्या अनेक चाहत्यांना ते रुचले नाही. मराठी आत्मचरित्रपर लेखनात मात्र त्या पुस्तकाचे स्थान पक्के आहे.

दोघांनी मिळून बा. भ. बोरकर आणि बा. सी. मर्ढेकर यांच्या कवितांच्या वाचनाचे कार्यक्रमही केले. त्यांत विनोद नव्हता. तरीही श्रोते आले, यावरून पुलंवरील विश्वासाची कल्पना येते.

ध्वनिफिती

प्रत्यक्ष प्रयोग मर्यादित प्रेक्षकांपर्यंतच पोहोचले. पुलंचा आवाज गावोगाव नेला तो ध्वनिफितींनी. 'नारायण', 'अंतू बर्वा', 'सखाराम गटणे', 'रावसाहेब', 'पानवाला', 'बिगरी ते मॅट्रिक' अशी त्यांची अभिवाचने कॅसेट, पुढे सीडी आणि आता इंटरनेट या मार्गांनी तीन पिढ्यांनी ऐकली आहेत. नाशिक, जळगाव किंवा लातूरच्या घरांत आणि अमेरिकेतील मराठी मंडळांतही त्यांतील वाक्ये संदर्भ न देता वापरली जातात. ('मुंबईकर, पुणेकर की नागपूरकर' या प्रसिद्ध भाषणात नाशिककरांना स्थान मिळाले नाही, तरी त्यामुळे तेथील लोकप्रियतेत फरक पडलेला दिसत नाही.)

या अभिवाचनांत 'म्हैस' वेगळी उठून दिसते. कोकणातून मुंबईकडे निघालेल्या एस.टी.ला म्हैस आडवी येते आणि गाडी थांबते, एवढीच घटना. पण उतारूंमधील उस्मानशेट, मधू मलुष्टे, म्हशीचा मालक, पोलीस, पुढारी असा एकेक माणूस केवळ बोलीच्या छटेने उभा राहतो. अपघातग्रस्त म्हशीपेक्षा पंचनामाच मोठा होत जातो. श्रुतिकेच्या तंत्राचा हा उत्तम नमुना म्हणता येईल.

आणीबाणी आणि 'महाराष्ट्र भूषण'

१९७४ मध्ये इचलकरंजी येथे भरलेल्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे पुलं अध्यक्ष होते. पुढील वर्षी जूनमध्ये आणीबाणी जाहीर झाली. वृत्तपत्रांवर निर्बंध आले आणि आकाशवाणी व दूरचित्रवाणी पूर्णपणे सरकारी प्रचाराची साधने बनली. ज्या यंत्रणेत त्यांनी उमेदीची वर्षे काढली होती, तीच ही यंत्रणा. पुलंनी आणीबाणीला उघड विरोध केला आणि १९७७ च्या निवडणुकीत जनता पक्षासाठी प्रचारसभा घेतल्या. तोपर्यंत पक्षीय राजकारणापासून दूर राहिलेल्या लेखकाचे हे रूप अनेकांना अनपेक्षित होते. त्यांच्या सभांना प्रचंड गर्दी होई. विरोधकांनी त्यांची 'विदूषक' म्हणून संभावना केली. निवडणुकीत जनता पक्ष विजयी झाल्यावर ते कोणतेही पद न घेता आपल्या कामाकडे परतले.

राज्य शासनाने सुरू केलेल्या 'महाराष्ट्र भूषण' पुरस्काराचे १९९६ मधील पहिले मानकरी पुलं होते. तेव्हा राज्यात शिवसेना-भाजप युतीचे सरकार होते. पुरस्कार स्वीकारताना त्यांनी लोकशाहीतील दडपशाहीच्या भाषेबद्दल नापसंती व्यक्त केली. त्यावर शिवसेनाप्रमुख बाळ ठाकरे यांनी जाहीरपणे तिखट टीका केली आणि महाराष्ट्रात मोठा वाद झाला. पुलं तेव्हा कंपवाताने आजारी होते. दोन्ही प्रसंगी सत्तेवरील पक्ष वेगळे होते, आक्षेपाचा मुद्दा मात्र एकच होता.

टीका

पुलंचे विश्व शहरी, पांढरपेशा आणि बहुतांशी उच्चवर्णीय मध्यमवर्गापुरते मर्यादित आहे, हा त्यांच्यावरील सर्वांत गंभीर आक्षेप होय. स्मरणरंजनावर त्यांचा भर अधिक आहे आणि त्यांचा विनोद दुखावण्याचे टाळतो, असेही म्हटले जाते. पात्रांची यादी पाहिली तर पहिला आक्षेप नाकारता येत नाही. मात्र दया पवार यांच्या 'बलुतं' (१९७८) या आत्मकथनाचे त्यांनी मनःपूर्वक स्वागत केले आणि ते पुस्तक आपल्या वाचकवर्गापर्यंत नेण्यास मदत केली, याचीही नोंद घ्यावी लागते.

सन्मान आणि प्रभाव

पुलंना साहित्य अकादमी पुरस्कार ('व्यक्ती आणि वल्ली', १९६५), पद्मश्री (१९६६), संगीत नाटक अकादमी पुरस्कार (१९६७), कालिदास सन्मान (१९८७) आणि पद्मभूषण (१९९०) हे सन्मान लाभले. १९६५ मध्ये नांदेड येथील नाट्यसंमेलनाचे ते अध्यक्ष होते. मुंबईत प्रभादेवी येथे राज्य शासनाची कला अकादमी त्यांच्या नावाने आहे.

त्यांच्यानंतरच्या एकपात्री कलावंतांत लक्ष्मण देशपांडे यांचे 'वऱ्हाड निघालंय लंडनला' सर्वाधिक गाजले. त्यांनी मराठवाड्याच्या ग्रामीण बोलीत ५० हून अधिक पात्रे एकट्याने उभी केली आणि पुलंच्या चाळीबाहेरचा महाराष्ट्र रंगमंचावर आणला. दूरचित्रवाणीवर 'फू बाई फू', 'चला हवा येऊ द्या' आणि 'महाराष्ट्राची हास्यजत्रा' या कार्यक्रमांनी विनोदी प्रहसनांना सूत्रसंचालकाची जोड देऊन मोठा प्रेक्षकवर्ग मिळवला. पुलंच्या जीवनावरील 'भाई : व्यक्ती की वल्ली' हा महेश मांजरेकर दिग्दर्शित चित्रपट २०१९ मध्ये, त्यांच्या जन्मशताब्दीच्या वर्षी, दोन भागांत प्रदर्शित झाला.