माहितीपट आणि प्रचार : चित्र खरं, पण गोष्ट कोणाची?



"व्हिडिओत दिसलंय, म्हणजे खरंच असणार!" असं मुलं सहज म्हणतात. आपणही म्हणतो. पण प्रत्येक चित्र खरं असूनही त्यातून सांगितलेली गोष्ट एका बाजूची असू शकते. हे कसं होतं, ते रशियन क्रांतीनंतरच्या माहितीपटांवरून छान समजतं.

सिनेमाच का?
१९१७ मध्ये बोल्शेविकांनी सत्ता घेतली. खेड्यांतल्या बहुतेकांना वाचता येत नव्हतं. मग पत्रकं वाटून काय उपयोग? १९१९ मध्ये सरकारने चित्रपट उद्योग ताब्यात घेतला. प्रचारासाठी रंगवलेल्या रेल्वेगाड्या सिनेमा घेऊन दूरदूर फिरल्या. अशा गाडीवर काम केलेल्या झिगा व्हर्टोव्ह यांनी १९२२ पासून 'किनो-प्रावदा', म्हणजे 'चित्रपट-सत्य', ही वृत्तपटमालिका काढली.

जुनीच चित्रं, नवा अर्थ
एस्फिर शुब या बाईंनी १९२७ मध्ये 'रोमानोव्ह घराण्याचा अस्त' हा माहितीपट केला. त्यासाठी त्यांनी मुख्यतः जुन्या चित्रफिती शोधून वापरल्या. त्यात झारच्या दरबारी छायाचित्रकारांनी घेतलेल्या फितीही होत्या. राजाचं कौतुक करायला काढलेली दृश्यं राजाविरुद्ध उभी राहिली! एका ठिकाणी बड्या घरची मंडळी जहाजावर नाचून घामाघूम होतात आणि लगेच पुढे राबणारे कष्टकरी दिसतात. घाम दोघांचाही, पण शेजारी ठेवल्यावर प्रेक्षकाला राग येतो.

इथे खोटं काय होतं? विषमता तर खरीच होती. पण कोणतं दृश्य घ्यायचं, कशाशेजारी ठेवायचं आणि खाली कोणती ओळ लिहायची, हे क्रांतीच्या बाजूने ठरलेलं होतं. नव्या सत्तेने विरोधकांवर केलेली सक्ती अशा सरकारी चित्रपटांत कुठून दिसणार?

वर्गात करून पाहा
तीन चित्रं घ्या : रिकामा हंडा घेतलेली बाई, पाण्याचा टँकर, लग्नाची पंगत.

पहिला गट : बाई, टँकर, पंगत. गोष्ट होते, 'पाणी आलं, कार्य पार पडलं.'
दुसरा गट : टँकर, पंगत, बाई. आता गोष्ट होते, 'पाणी पंगतीला गेलं, बाई तशीच राहिली.'

चित्रं तीच, क्रम बदलला. मग मुलांना तीन प्रश्न विचारा :
१. हे कोणी आणि कशासाठी दाखवलं?
२. याच्या आधी-नंतर काय ठेवलंय?
३. काय दाखवलेलं नाही?

मोबाईलवर आलेला व्हिडिओ पुढे पाठवण्याआधी घरातल्या मोठ्यांनीही हेच तीन प्रश्न विचारावेत. मुलं आपलं बघूनच शिकतात.