डी मॉर्गन यांच्या नावावर काय आहे, काय नाही

बारावीत तर्कशास्त्राच्या प्रकरणात डी मॉर्गनचे नियम पाठ केले, पेपरात उतरवले, की त्या माणसाशी आपला संबंध संपतो. मग नावावरून कुणी त्यांना फ्रेंच समजतं, तर जन्म मदुराईचा म्हणून कुणी अर्धे भारतीय ठरवतं. ऑगस्टस डी मॉर्गन इंग्रजच होते. वडील ईस्ट इंडिया कंपनीच्या लष्करात, म्हणून १८०६ साली जन्म तिथे झाला. सात महिन्यांचे असतानाच त्यांना इंग्लंडला नेलं.

मोठा गैरसमज त्या नियमांबद्दलच आहे, की ते त्यांनीच शोधले. ‘घरात दूध आणि साखर दोन्ही आहेत, हे खोटं,’ असं कुणी म्हणालं तर निष्कर्ष एवढाच निघतो, की दूध तरी नाही किंवा साखर तरी नाही. दोन्ही संपलंय असं धरून चालणं ही चूक, आणि परीक्षेत मुलं हमखास करतात ती हीच. ही गोष्ट चौदाव्या शतकात तत्त्वज्ञ विल्यम ऑफ ऑकमला ठाऊक होती. त्याने ती शब्दांत मांडलीही होती. डी मॉर्गन यांनी तिला चिन्हांच्या तर्कशास्त्रात आणलं.

नकाशा रंगवायला चार रंग पुरतात का, हा प्रश्नही त्यांचा नव्हे. तो फ्रान्सिस गथ्री यांना सुचला आणि त्यांच्या भावाने, म्हणजे डी मॉर्गन यांच्या विद्यार्थ्याने, सरांना विचारला. सरांनी त्याच दिवशी, २३ ऑक्टोबर १८५२ रोजी, डब्लिनला गणितज्ञ हॅमिल्टन यांना पत्र लिहिलं. हॅमिल्टन यांना त्यात रस वाटला नाही. सिद्धता मिळायला १९७६ साल उजाडलं, तीही संगणकाच्या मदतीने.

गणितज्ञ म्हणजे जगाशी देणंघेणं नसलेला माणूस, ही समजूत तर त्यांना अजिबात लागू होत नाही. केंब्रिजमध्ये १८२७ साली चौथा क्रमांक मिळवूनही त्यांनी धर्मनिष्ठेच्या प्रतिज्ञेवर सही केली नाही, म्हणून एम.ए. आणि फेलोशिप दोन्ही गेलं. लंडनच्या ज्या नव्या संस्थेत धर्माची अट नव्हती, तिथे एकविसाव्या वर्षी ते प्राध्यापक झाले. पुढे १८६६ साली तिथेच युनिटेरियन धर्मगुरू जेम्स मार्टिनो यांना प्राध्यापकपदासाठी धर्मपंथामुळे डावललं गेलं, तेव्हा साठीच्या डी मॉर्गन यांनी राजीनामा दिला. मला त्यांच्या सगळ्या नियमांपेक्षा ही एक न केलेली सही आणि हा एक राजीनामा मोठा वाटतो.

भारतीय गणितीला इंग्लंडमध्ये पाठबळ मिळालं ते रामानुजन यांच्यापासून, असंही सर्रास मानलं जातं. पण रामानुजन यांना इंग्लंडला बोलावणाऱ्या हार्डींच्या साठएक वर्षं आधी दिल्ली कॉलेजातल्या मास्टर रामचंद्र यांचं एक पुस्तक डी मॉर्गन यांच्या हाती आलं. कमाल आणि किमान मूल्यं कलनशास्त्राशिवाय, नुसत्या बीजगणिताने कशी काढायची, हा त्याचा विषय. रामचंद्रांनी ते १८५० साली कलकत्त्यात छापलं होतं आणि तिथे त्याचं स्वागत थंडच झालं होतं. डी मॉर्गन यांनी कंपनीच्या संचालकांकडे पाठपुरावा केला, लांबलचक प्रस्तावना लिहिली आणि १८५९ साली पुस्तक लंडनमध्ये छापून घेतलं. त्याच्या मुखपृष्ठावर लेखक म्हणून रामचंद्रांचं नाव आहे. डी मॉर्गन तिथे आहेत ते छपाईवर देखरेख करणारे म्हणून.