घराची खरी किंमत : कर्ज, व्याज आणि काळ

घर विकत घेण्यासाठी काढलेल्या कर्जाला आज आपण सर्रास ‘गृहकर्ज’ म्हणतो. मागील पिढीतील माणसे ‘घर गहाण टाकले’ असे म्हणत आणि ते शब्द उच्चारताना त्यांचा आवाज आपोआप खाली येई. नव्या शब्दातून गहाणाचा उल्लेख नाहीसा झाला, व्यवहारातून मात्र तो नाहीसा झालेला नाही. बँकेच्या पैशाने फ्लॅट घेणारा मनुष्य कायद्याच्या दृष्टीने आपली वास्तू गहाणच देत असतो. १८८२ सालच्या मालमत्ता हस्तांतरण अधिनियमात गहाणाचे जे निरनिराळे प्रकार सांगितले आहेत, त्यांपैकी मालकी हक्काचे दस्तऐवज धनकोच्या स्वाधीन करून होणारे गहाण आज शहरांत सर्वाधिक प्रचलित आहे. मूळ अधिनियमात ही सोय कलकत्ता, मद्रास व मुंबई यांसारख्या मोजक्या शहरांपुरतीच होती. पुढे राज्य शासनांनी अधिसूचना काढून ती इतर शहरांनाही लागू केली.

स्वातंत्र्यानंतरची कित्येक वर्षे पगारदार मनुष्याला घरासाठी दीर्घ मुदतीचे कर्ज मिळणे दुरापास्त होते. भविष्य निर्वाह निधीतील उचल, सहकारी संस्था आणि घरातील दागिने हेच त्याचे आधार. १९७० साली ‘हुडको’ व १९७७ साली हसमुखभाई पारेख यांच्या पुढाकाराने ‘एच.डी.एफ.सी.’ ही संस्था स्थापन झाली, आणि १९८८ साली राष्ट्रीय आवास बँक अस्तित्वात आली. वाणिज्य बँका या क्षेत्रात मोठ्या प्रमाणावर उतरल्या त्या त्यानंतर. म्हणजे वीस किंवा तीस वर्षांच्या कर्जाचा अनुभव आपल्या समाजाला एक-दोन पिढ्यांचाच आहे. तो अंगवळणी पडलेला आहे, पण त्याचे गणित अद्याप घराघरांत मुरलेले नाही.

कर्ज घेऊ इच्छिणारा मनुष्य बँकेत गेला की त्याचा पहिला प्रश्न असतो, ‘हप्ता किती पडेल?’ हा प्रश्न गैर म्हणता येणार नाही, कारण महिन्याच्या मिळकतीतून हप्ता भागला पाहिजे. परंतु हप्ता म्हणजे कर्जाची किंमत नव्हे. ती किंमत तीन गोष्टींवर अवलंबून असते : मुद्दल, व्याजाचा दर आणि काळ. यांपैकी पहिल्या दोहोंबद्दल मनुष्य घासाघीस करतो. तिसरी गोष्ट तो बहुधा धनकोने सुचविल्याप्रमाणे मान्य करून टाकतो.

एका शिक्षकाने ३० लाख रुपयांचे कर्ज वीस वर्षांच्या मुदतीने, द.सा.द.शे. ९ दराने घेतले आहे असे समजू. त्याचा समान मासिक हप्ता २६,९९२ रुपये पडतो. वीस वर्षांत २४० हप्ते मिळून तो सुमारे ६४ लाख ७८ हजार रुपये भरील. त्यांतील ३० लाख मुद्दल व उरलेले ३४ लाख ७८ हजार व्याज. व्याज मुद्दलापेक्षा अधिक भरते, ही गोष्ट बहुतेकांनी ऐकलेली असते. त्या व्याजाची वर्षावर्षांतील वाटणी कशी असते, हे मात्र फार थोड्यांनी पाहिलेले असते.

पहिल्या महिन्याचा हिशेब पाहावा. ३० लाखांवर एका महिन्याचे व्याज २२,५०० रुपये होते. हप्त्यातून ते वजा जाता मुद्दलापोटी जमा होतात फक्त ४,४९२ रुपये. पुढील महिन्यात व्याज उरलेल्या मुद्दलावर आकारले जाते, म्हणून ते किंचित कमी होते आणि मुद्दलाकडे जाणारा वाटा तेवढाच वाढतो. ही वाढ आरंभी इतकी मंद असते की, पहिल्या वर्षात ३ लाख २४ हजार रुपये भरूनही कर्ज केवळ ५६ हजारांनी उतरते. हप्त्याचा अर्ध्याहून अधिक भाग मुद्दलाकडे जाऊ लागतो तो १४९ व्या हप्त्यापासून, म्हणजे तेराव्या वर्षी. दहा वर्षे पूर्ण झाली की आपण अर्धी वाट चाललो असे त्या शिक्षकाला वाटेल. एव्हाना त्याने ३२ लाख ३९ हजार रुपये भरलेले असतात, म्हणजे घेतले त्याहून जास्त. पण खात्यावर अद्याप २१ लाख ३१ हजार रुपये देणे दिसते. मुद्दल अर्ध्यावर येते ते चौदाव्या वर्षाच्या अखेरीस.

यात फसवणूक नाही, हे स्पष्ट सांगितले पाहिजे. जितके देणे शिल्लक तितक्यावरच व्याज, हा नियम न्याय्यच आहे, आणि आरंभी देणे सर्वाधिक असल्यामुळे व्याजही सर्वाधिक असते. परंतु हप्ता दरमहा सारखाच राहत असल्याने त्याच्या पोटात चाललेली ही घडामोड ऋणकोच्या दृष्टीआड राहते. पाचव्या किंवा सहाव्या वर्षी घर विकण्याची वेळ आली म्हणजे ती एकदम समोर येते.

आपल्या जुन्या धर्मशास्त्रात ‘दामदुपट’ नावाचा दंडक होता. एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक असू नये, असा त्याचा आशय. ब्रिटिश अमदानीत मुंबई इलाख्यातील व कलकत्ता शहरातील न्यायालयांनीही तो मान्य केलेला होता. वरील उदाहरणात एकूण परतफेड दुपटीच्या पुढे जाते, तेव्हा दामदुपटीचे काय झाले, असा प्रश्न कोणाही वाचकाला पडेल. उत्तर असे की, तो दंडक साचलेल्या व्याजापुरता होता. आधुनिक कर्जात व्याज साचत नाही, ते महिन्याच्या महिन्याला चुकते होते. सावकाराच्या वहीत फुगणारा आकडा डोळ्यांना दिसे, येथे तो बारीक बारीक होऊन निघून जातो.

आता मुदतीकडे वळू. हेच कर्ज तीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता २४,१३९ रुपयांवर येतो. दरमहा २,८५३ रुपयांचा दिलासा मिळाला, परंतु एकूण व्याज ५६ लाख ९० हजारांवर गेले. म्हणजे त्या दिलाशाची किंमत २२ लाखांहून अधिक. उलट पंधरा वर्षांची मुदत पत्करल्यास हप्ता ३०,४२८ रुपये होतो. दरमहा ३,४३६ रुपये अधिक भरल्याने व्याजातील बचत सुमारे १० लाखांची होते. दर तिन्ही ठिकाणी ९ टक्केच आहे. प्रस्तुत लेखकाच्या मते, कर्जाच्या अर्जावर मुदतीसमोरच्या रकान्यात जो आकडा घातला जातो, तो साऱ्या अर्जात सर्वांत महागडा असतो. तीस वर्षांची मुदत ज्यांना अपरिहार्य आहे अशी कुटुंबे आहेत, हे नाकारता येणार नाही. पण हप्ता झेपत असताना केवळ सवड असावी म्हणून ती घेणे परवडणारे नाही.

व्याज मोजण्याची रीतही लहान बाब नव्हे. पूर्वी अनेक संस्था वर्षारंभीच्या शिलकीवर संपूर्ण वर्षाचे व्याज आकारीत. वर्षभर भरलेल्या हप्त्यांचा लाभ ऋणकोला पुढील वर्षी मिळे. त्याच ३० लाखांवर त्या रीतीने हप्ता सुमारे ३९५ रुपयांनी अधिक पडतो, आणि वीस वर्षांत फरक सुमारे ९५ हजारांचा होतो. आज मासिक शिलकीवर आकारणी रूढ झाली आहे, तरी कराराचे ते कलम वाचून घ्यावे.

आतापर्यंत आपण दर स्थिर धरला. प्रत्यक्षात बहुसंख्य गृहकर्जे बदलत्या दराची असतात. हा दर कशाला बांधावा याचे नियम रिझर्व्ह बँकेने वेळोवेळी बदलले. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या बाह्य मानकाशी जोडणे सक्तीचे झाले. रेपो दर मे २०२० मध्ये ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो चढू लागला व फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा टक्क्यांवर पोहोचला. याचा परिणाम एका उदाहरणाने पाहू. २०२१ साली एखाद्याने ३० लाख रुपये ७ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता २३,२५९ रुपये. वर्षभराने त्याचे २९ लाख २९ हजार रुपये देणे उरले. सोयीसाठी अडीच टक्क्यांची सर्व वाढ त्याच वेळी झाली असे धरल्यास, साडेनऊ टक्क्यांनी एका महिन्याचे व्याजच २३,१८५ रुपये होते. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाकडे जातात ७४ रुपये. या गतीने कर्ज फिटण्यास साठ वर्षे लागतील! मूळ मुदतीत ते फेडायचे तर हप्ता २७,७८८ रुपये करावा लागेल.

अशा वेळी पुष्कळ धनको हप्त्याला हात न लावता मुदत वाढवीत, आणि ऋणकोला ते कित्येक महिन्यांनी कळे. निवृत्तीच्या वयापलीकडे कर्ज गेल्याचे पाहून अनेकांना धक्का बसला. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यासंबंधी निर्देश दिले. दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही, याची निवड कर्जदाराला द्यावी, स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय ठेवावा आणि हप्ता निदान त्या महिन्याच्या व्याजाइतका तरी असावा, असा त्यांचा मतितार्थ होता. हा अधिकार मागितल्याशिवाय उपयोगाचा नाही. दर वाढल्याची सूचना आली की त्याच आठवड्यात नवी मुदत विचारून घ्यावी.

काळ ज्याप्रमाणे ऋणकोच्या विरुद्ध काम करतो, त्याप्रमाणे तो त्याच्या बाजूनेही वळविता येतो. बदलत्या दराच्या गृहकर्जाच्या मुदतपूर्व फेडीवर दंड आकारण्यास रिझर्व्ह बँकेने २०१२ साली बँकांना मनाई केली. आपल्या पहिल्या उदाहरणातील शिक्षकाने एक वर्षानंतर १ लाख रुपये जादा भरले व हप्ता तोच ठेवला, तर त्याचे कर्ज १९ महिने आधी संपेल, आणि तो लाख वगळता सुमारे ४ लाख १३ हजार रुपये वाचतील. हेच लाख रुपये त्याने पंधरा वर्षांनंतर भरले, तर बचत जेमतेम अर्ध्या लाखाची होईल. दरवर्षी अखेरीस एक हप्ता जादा भरल्यास वीस वर्षांचे कर्ज सुमारे साडेसोळा वर्षांत फिटते व व्याज जवळजवळ ७ लाखांनी कमी होते. यात एक मेख आहे. जादा रक्कम भरल्यावर मुदत कमी करण्याऐवजी हप्ता कमी करण्याचाही पर्याय असतो. पहिल्या वर्षानंतरच्या त्या लाखामुळे हप्ता ९१७ रुपयांनी उतरेल, परंतु व्याजातील बचत ४ लाखांवरून १ लाख ९ हजारांवर येईल.

येथे अर्थशास्त्राचा अभ्यासक आक्षेप घेईल की, वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाच्या तोलाचा नसतो. आक्षेप रास्त आहे. महागाई वर्षाला ६ टक्क्यांनी वाढत राहिली, तर २६,९९२ रुपयांच्या शेवटच्या हप्त्याची क्रयशक्ती आजच्या सुमारे ८,४०० रुपयांइतकीच उरेल. ६४ लाख ७८ हजार ही बेरीज त्यामुळे प्रत्यक्ष ओझ्यापेक्षा मोठी दिसते. मात्र हा युक्तिवाद ज्याची मिळकत महागाईबरोबर वाढते त्यालाच लागू पडतो. ज्याची वाढत नाही, त्याच्या हाती येणारा रुपया तेवढाच राहतो, धान्य मात्र महागते.

व्याजाखेरीज काही खर्च असे असतात की ते कर्जाच्या हिशेबात धरलेच जात नाहीत. मुद्रांक शुल्क, नोंदणी, कर्जमंजुरीचे शुल्क हे आरंभीच द्यावे लागतात. कर्जाबरोबर विमा सुचविला जातो व त्याचा एकरकमी हप्ता मुद्दलातच मिळविला जातो. अशा विम्याची कायद्याने सक्ती नाही. वरील दराने व मुदतीने ६० हजारांचा विमा कर्ज फिटेपर्यंत सुमारे १ लाख ३० हजारांना पडतो. विमा अनावश्यक आहे असे नव्हे, कमावत्या माणसाच्या मागे कर्ज राहू नये हे योग्यच. परंतु तो रोखीने, निराळा घ्यावा. प्राप्तिकरातील सवलतीवर विसंबून कर्ज वाढविणेही धोक्याचे. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वार्षिक २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीत मिळते. २०२३-२४ या वर्षापासून जी नवी प्रणाली मूळ प्रणाली ठरविण्यात आली, तीत ती मिळत नाही.

हप्ते थकले तर काय होते, हेही किमतीचाच भाग आहे. थकबाकी ९० दिवसांहून अधिक झाली की खाते अनुत्पादक ठरते. त्यानंतर २००२ सालच्या ‘सरफेसी’ अधिनियमान्वये ६० दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी दाव्याशिवाय, धनको घराचा ताबा घेण्याची कारवाई करू शकतो. मात्र उरलेले देणे मुद्दल व त्यावरील व्याजाच्या वीस टक्क्यांहून कमी असेल, तर ही तरतूद लागू होत नाही.

कर्ज पूर्ण फिटल्यावर मूळ दस्तऐवज परत घेण्याचे काम अनेकजण लांबणीवर टाकतात. ते ३० दिवसांच्या आत परत करावेत, आणि धनकोच्या दोषामुळे विलंब झाल्यास दर दिवसास ५,००० रुपये भरपाई द्यावी, असा रिझर्व्ह बँकेचा आदेश १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. दस्तऐवज हाती येताच ते कर्ज घेताना दिलेल्या यादीशी पडताळून पाहावेत, कर्ज निरंक झाल्याचे पत्र घ्यावे, आणि गहाणाची जी नोंद झालेली असेल ती काढून टाकली गेली आहे याची खात्री करून घ्यावी.