‘लॉकलन’ : सरोवरांच्या देशाचे नाव

न्यूझीलंडचा वेगवान गोलंदाज लॉकी फर्ग्युसन भारतीय क्रिकेटरसिकांच्या चांगल्याच परिचयाचा आहे. २०१९ च्या विश्वचषक स्पर्धेत त्याने २१ बळी घेतले आणि आयपीएलमध्ये कोलकाता व गुजरातच्या संघांकडूनही तो खेळला. मात्र, ‘लॉकी’ हे त्याचे कागदोपत्री नाव नव्हे. त्याचे पूर्ण नाव लॉकलन हॅमंड फर्ग्युसन. ‘लॉकी’ हा त्याचा घरगुती संक्षेप. ऑस्ट्रेलिया व न्यूझीलंडमध्ये या नावाची मुले गल्लोगल्ली आढळतात. तेथील उच्चार ‘लॉकलन’ असा होतो, तर मूळ स्कॉटिश उच्चारात मधला वर्ण घशातून, आपल्या ‘ख’च्या जवळपास येतो; म्हणजे ‘लाखलन’. अर्थ विचारला तर बहुतेक नामकोशांत एकच उत्तर मिळते : सरोवरांचा देश.

हे उत्तर चुकीचे नाही. पण ते पुरेसेही नाही. हा देश नेमका कोणता, हे नाव तेथून स्कॉटलंडच्या पाळण्यात कसे आले आणि तेथून निघून पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला एका नदीवर कसे जाऊन बसले, ही सारी हकिगत मोठी उद्बोधक आहे. त्या वाटेवर मुंबईचाही एक मुक्काम आहे.

भूगोलातून आलेली नावे

स्कॉटलंडच्या वायव्य भागाची जुनी भाषा गेलिक. डोंगरदऱ्यांच्या आणि बेटांच्या या मुलखात भूरूपांसाठी शब्दांची मोठी श्रीमंती आहे आणि त्यातील अनेक शब्द पुढे माणसांची नावे झाले. क्रिकेटच्या धावफलकावरच त्यांचा शोध घेता येतो. ग्लेन मॅग्रामधील ‘ग्लेन’ म्हणजे दोन डोंगरांमधील अरुंद दरी. क्रेग मॅकडरमॉटमधील ‘क्रेग’ म्हणजे कातळ. रॉस टेलरमधील ‘रॉस’ म्हणजे समुद्रात घुसलेले भूशिर, तर काइल मिल्समधील ‘काइल’ म्हणजे सामुद्रधुनी. ‘बॉडीलाइन’ मालिकेमुळे १९३२-३३ मध्ये गाजलेला इंग्लंडचा कर्णधार डग्लस जार्डिन हा स्कॉटिश आईबापांचा मुलगा. त्याचा जन्म १९०० साली मुंबईत झाला. ‘डग्लस’ म्हणजे काळ्या पाण्याचा ओढा.

या नावांचा प्रवास साधारण एकाच पद्धतीने झाला. आधी ते एखाद्या ठिकाणाचे नाव होते. त्या ठिकाणच्या माणसांचे ते आडनाव झाले आणि मग आडनावाचेच मुलांना नाव ठेवण्याची प्रथा रूढ झाल्यावर ते पाळण्यातील नाव झाले. ‘लॉकलन’ मात्र या रांगेत बसत नाही. ते आरंभापासून व्यक्तिनामच होते. ‘मॅकलॉकलन’ म्हणजे ‘लॉकलनचा पुत्र’ हे आडनाव त्यातून नंतर निघाले. आणि दुसरे म्हणजे, ते स्कॉटलंडमधील कोणत्याही दरीचे, कड्याचे वा ओढ्याचे नाव नाही. ते आहे परक्या देशाचे नाव.

शत्रूचा देश, मुलाचे नाव

गेलिकमध्ये ‘लॉख’ म्हणजे सरोवर. तथाकथित राक्षसामुळे जगभर प्रसिद्ध झालेले ‘लॉख नेस’ हे गोड्या पाण्याचे सरोवर आहे. पण आपल्याकडे ज्याला खाडी म्हणतील, तशा जमिनीत खोल शिरलेल्या समुद्राच्या चिंचोळ्या भागालाही गेलिकमध्ये ‘लॉख’च म्हणतात. किनाऱ्यावर अशा खोल खाड्याच खाड्या असलेला देश म्हणजे नॉर्वे. मध्ययुगात गेलिक भाषक नॉर्वेला ‘लॉखलन्न’ म्हणत. नॉर्वेची फ्योर्ड पाहिली की हे नाव किती चपखल आहे, हे लगेच पटते.

भाषाअभ्यासकांमध्ये मात्र याविषयी एकमत नाही. आयर्लंडच्या नवव्या शतकातील बखरींमध्ये या शब्दाचे रूप ‘लाथलिन्न’ असे आढळते. इसवी सन ८५३ च्या नोंदीत ‘लाथलिन्नच्या राजाचा पुत्र’ आयर्लंडमध्ये उतरल्याचा उल्लेख आहे. या जुन्या रूपात ‘लॉख’ हा शब्द दिसत नाही. तो उच्चारसाधर्म्यामुळे नंतर येऊन चिकटला असावा, असे काही अभ्यासकांचे मत आहे. आरंभी हे नाव नॉर्वेचे नसून उत्तर व पश्चिम स्कॉटलंडमधील व्हायकिंगांच्या ताब्यातील प्रदेशाचे होते, असेही मत मांडले गेले आहे. अकराव्या शतकानंतर मात्र त्याचा अर्थ नॉर्वे असा पक्का झाला. लोकांनी नावात सरोवरे पाहिली आणि तोच अर्थ टिकला.

खरा प्रश्न वेगळाच आहे. नॉर्वेहून येणारी जहाजे ही त्या काळी पश्चिम किनाऱ्यावरील लोकांची सर्वांत मोठी धास्ती होती. ७९५ मध्ये आयोना बेटावरील प्रसिद्ध मठावर व्हायकिंगांनी हल्ला केला. ८०६ मधील हल्ल्यात तेथील ६८ जणांची कत्तल झाली. ज्या देशाच्या नावाने थरकाप उडावा, त्याच देशाचे नाव लोकांनी आपल्या मुलांना का द्यावे?

याचे उत्तर पुढच्या तीन शतकांत सापडते. लुटायला आलेले लोक हळूहळू वस्ती करून राहिले. त्यांनी स्थानिक घराण्यांशी सोयरिकी जोडल्या, धर्म बदलला, भाषा बदलली. हेब्रिडीज बेटांवर प्रदीर्घ काळ नॉर्वेच्या राजाचे अधिराज्य होते. ते १२६६ च्या पर्थ तहाने स्कॉटलंडकडे आले. तोवर बेटांवरील घराघरांत दोन्ही रक्ते मिसळली होती. अशा घरांत ‘लॉखलन्न’ हे नाव शत्रूचे राहिले नाही. ते आजोळाचे किंवा पूर्वजांच्या मुलखाचे नाव झाले. दर्यावर्दी पराक्रमाची छटाही त्याला आली असणार. उत्तर आयर्लंडमध्ये अकराव्या-बाराव्या शतकांत मॅकलॉकलन हे राजघराणेच सत्तेवर होते. स्कॉटलंडमध्ये लॉख फाइन या खाडीच्या काठी मॅकलॉकलन कुळ नांदले, तर मल बेटावरील मॅक्लीन कुळात कुलप्रमुखांची अनेक नावे ‘लॉकलन’ होती. १७४६ मध्ये कलॉडनच्या रणांगणावर हायलँड्सच्या कुळांचा इंग्रज सरकारच्या फौजेने निर्णायक पराभव केला. त्या दिवशी धारातीर्थी पडलेल्यांत मॅकलॉकलन कुळाचा प्रमुखही होता आणि त्याचे नाव लॉकलनच होते.

अल्वा ते मुंबई

या पराभवानंतर कुळांची जुनी व्यवस्था मोडली आणि हायलँड्सच्या तरुणांना ब्रिटिश सैन्याची वाट धरावी लागली. त्यांपैकी एक लॉकलन मॅक्वारी. जन्म १७६२, गाव मल बेटाला लागून असलेले अल्वा हे चिमुकले बेट. अल्वा हे नावही नॉर्वेच्याच जुन्या भाषेतील मानले जाते. त्याचा अर्थ ‘लांडग्यांचे बेट’. मॅक्वारी कुळाच्या प्रमुखाला कर्जापायी १७७७ मध्ये हे बेट विकावे लागले. लॉकलन तोपर्यंत सैन्यात दाखल झाला होता.

१७८८ मध्ये ७७ व्या पलटणीबरोबर तो मुंबईत उतरला. पुढे टिपू सुलतानाविरुद्धच्या मोहिमांत त्याने भाग घेतला. १७९९ मधील श्रीरंगपट्टणच्या वेढ्यातही तो होता. सप्टेंबर १७९३ मध्ये मुंबईतच त्याचा जेन जार्विस हिच्याशी विवाह झाला. क्षयाने ग्रासलेल्या जेनचे तीन वर्षांतच मकाव येथे निधन झाले. तिचे पार्थिव मुंबईत आणून जानेवारी १७९७ मध्ये येथे दफन करण्यात आले. मॅक्वारीने पुढे मल बेटावर जमीन घेतली, तेव्हा तिचे नाव ठेवले ‘जार्विसफील्ड’. मुंबईत चिरनिद्रा घेतलेल्या पत्नीचे नाव असे स्कॉटलंडच्या भूमीला मिळाले.

त्याच काळातील आणखी एक नामकरण मात्र इतके हृद्य नाही. १७९५ मध्ये मॅक्वारीसाठी कोचीनहून सहा-सात वर्षांची दोन मुले गुलाम म्हणून विकत आणण्यात आली. त्यांची नावे ठेवली गेली जॉर्ज आणि हेक्टर. जॉर्जला पुढे मॅक्वारीच्या पत्नीचे ‘जार्विस’ हे आडनाव मिळाले आणि मॅक्वारीच्या मृत्यूपर्यंत, जवळपास तीस वर्षे, तो त्याच्या सेवेत राहिला. या मुलांना त्यांच्या आईने काय नाव ठेवले होते? इतिहासात उरली ती ही परकी नावेच.

नदीचे बारसे

१८१० मध्ये मॅक्वारी ऑस्ट्रेलियातील न्यू साउथ वेल्स वसाहतीचा गव्हर्नर झाला आणि १८२१ पर्यंत त्या पदावर राहिला. शिक्षा भोगून मुक्त झालेल्या कैद्यांना त्याने समाजात मानाचे स्थान दिले, रस्ते व इमारती उभारल्या. ‘ऑस्ट्रेलिया’ हे नाव सरकारी कागदपत्रांत रूढ व्हावे, अशी शिफारसही त्याने १८१७ मध्ये केली. त्याला नावे देण्याची हौस होती आणि त्याचे हाताखालचे अधिकारी ती ओळखून होते. १८१५ मध्ये सर्वेक्षक जॉर्ज विल्यम एव्हान्स निळ्या पर्वतरांगांपलीकडच्या एका नदीपाशी पोचला. वरिष्ठाच्या आडनावाची एक नदी आधीच नकाशावर होती. या दुसऱ्या नदीला त्याने वरिष्ठाचे पहिले नाव दिले : लॉकलन.

सुमारे १,४०० किलोमीटर लांबीच्या या नदीचा स्वभाव मात्र नावाच्या अगदी उलट आहे. ती समुद्राला मिळत नाही. पश्चिमेच्या मैदानात एका विस्तीर्ण दलदलीत ती विरून जाते आणि महापूर आला तरच पुढच्या नदीपर्यंत पोचते. दुष्काळात तिचा खालचा प्रवाह आटतो. नोव्हेंबर २०२२ सारख्या पावसाळी हंगामात काठावरचे फोर्ब्ज शहर पाण्याखाली जाते. बारमाही पाण्याच्या, थंड देशाचे नाव या लहरी नदीवर नकाशापुरतेच बसले.

नदी अर्थातच निनावी नव्हती. तिच्या काठी हजारो वर्षे राहणारे विराजुरी लोक तिला ‘कलारी’ म्हणत. आपली ओळख ते ‘तीन नद्यांचे लोक’ अशी सांगतात आणि कलारी ही त्या तिघींपैकी एक. नवे नाव आले त्यामागोमाग गुरे, कुंपणे आणि बंदुका आल्या. १८२४ मध्ये बॅथर्स्ट भागात विराजुरींविरुद्ध लष्करी कायदा पुकारण्यात आला. मॅक्वारीची स्वतःची कारकीर्दही निष्कलंक नाही. त्याने धाडलेल्या सैनिकांनी एप्रिल १८१६ मध्ये सिडनीच्या दक्षिणेला किमान १४ मूलनिवासींना ठार केले. त्यांत स्त्रिया व मुलेही होती. ही घटना ज्या ठिकाणची, त्याचे नाव ॲपिन. मॅक्वारीची दुसरी पत्नी एलिझाबेथ हिच्या माहेरच्या मुलखावरून ते ठेवलेले होते.

अर्थ कोणाचा?

मॅक्वारीचा मृत्यू १८२४ मध्ये झाला. मल बेटावर त्याचे थडगे आहे. एकुलता एक मुलगा, त्याचेही नाव लॉकलनच, १८४५ मध्ये निपुत्रिक वारला. वंश खुंटला, नाव मात्र ऑस्ट्रेलियात फोफावले. २००० च्या दशकात न्यू साउथ वेल्समध्ये मुलांच्या पहिल्या दहा लोकप्रिय नावांत ‘लॉकलन’ असे आणि त्याचे श्रेय बव्हंशी या गव्हर्नरलाच दिले जाते.

दरम्यान, ज्या अल्वा बेटावरून तो निघाला, ते ओस पडले. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात तेथे सुमारे सहाशे लोक राहत. १८४० च्या दशकात बटाट्याचे पीक बुडाले आणि नव्या जमीनमालकाने मेंढ्यांच्या कुरणांसाठी कुळांना घरांतून हुसकावले. ऑस्ट्रेलियात स्कॉटिश नावे लावणारे लोक एका जमिनीवरून इतरांना हटवत होते, तेव्हा खुद्द स्कॉटलंडमध्ये त्यांच्याच भाषेचे लोक आपल्या जमिनीवरून हटवले जात होते. २०१८ मध्ये स्थानिक समुदायाने हे बेट विकत घेतले, तेव्हा तेथील कायम रहिवाशांची संख्या हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच होती.

एका नावाचा हा हजार वर्षांहून अधिक काळाचा प्रवास नामकोशातील तीन शब्दांत मावणारा नाही. ‘सरोवरांचा देश’ हा त्याचा अर्थ खरा. पण तो आरंभापुरता. भीती वाटणाऱ्यांनी ते आपलेसे केले, तेव्हा ते नात्याचे नाव झाले. पुढे तेच दुसऱ्यांच्या नदीवर लादले गेले, तेव्हा तेथील जुने नाव झाकले गेले. मुलाला नाव ठेवताना आईबाप त्याचा अर्थ पाहतात, ते योग्यच आहे. त्या नावाने कोठकोठे मुक्काम केला, हेही पाहिले तर अर्थ अधिक पूर्ण होतो. कलारीच्या काठी आज लॉकलन नावाची मुले खेळतात. नदीची दोन्ही नावे त्यांना ठाऊक असणे, एवढे तरी नक्कीच शक्य आहे.