मोटारींतील सॉकेटचा उडालेला फ्यूज : शोध आणि पारख

थळपासून मांडव्यापर्यंतच्या किनारपट्टींत आतां पुष्कळ बागाईतदारांच्या दारीं एखादी पिकअप, जीप किंवा घरगुती मोटार उभी असलेली दिसते. सन २०२० च्या मार्च महिन्यांत भाऊचा धक्का ते मांडवा ही गाड्या वाहून नेणारी रो-रो बोट सुरू झाली, तेव्हांपासून गाडीसह मुंबई गांठणेंही सुलभ झालें आहे. ह्या गाड्यांत चालकाच्या हाताशीं जें एक वाटोळें, बोटभर खोल सॉकेट असतें, त्याचा उपयोग दिवसेंदिवस वाढत आहे. बाजारभाव विचारण्याचा व मालाचे पैसे घेण्याचा मोबाइल त्यावरच चार्ज होतो, टायरांत हवा भरण्याचा लहान पंप त्यावरच चालतो, आणि कोणी कोणी फवारणीच्या पंपाची बॅटरीही त्यावर लावूं पाहतात. असें हें सॉकेट एके दिवशीं मुकें होतें. दोष बहुधा चार-दोन रुपयांच्या फ्यूजचा असतो. परंतु तो कोठें आहे व कसा पारखावा हें ठाऊक नसल्यामुळें कोणी मिस्त्रीच्या दारांत अर्धा दिवस घालवितो, तर कोणी सिगारेटच्या पाकिटांतील चंदेरी कागद गुंडाळून वेळ निभावून नेतो. पहिल्यांत केवळ वेळ जातो. दुसऱ्यांत गाडी जाण्याचा संभव असतो. म्हणून हा विषय थोडा विस्तारानें मांडीत आहों.

फ्यूज हा सॉकेटला लावलेल्या यंत्राच्या रक्षणासाठीं असतो, अशी सर्वसाधारण समजूत आहे. ती बरोबर नाहीं. फ्यूज असतो तो तारेच्या रक्षणासाठीं. बॅटरीपासून सॉकेटपर्यंत जी तार डॅशबोर्डच्या आंतून गेलेली असते, तिला ठराविक प्रवाहच सोसतो. प्रवाह दुप्पट झाला तर तारेंत उत्पन्न होणारी उष्णता दुप्पट न होतां चौपट होते. मोटारीची बॅटरी दिसावयास १२ व्होल्टची, हात लावला तरी धक्का न देणारी. परंतु तिचीं दोन टोंकें एकमेकांस मिळालीं कीं तिच्यांतून शेंकडों अँपियर प्रवाह धांवतो. अशा वेळीं तारेवरील प्लॅस्टिक वितळून पेट घेण्यापूर्वीं वाटेंत मुद्दाम ठेवलेली एक दुबळी पट्टी वितळावी आणि वाट तुटावी, एवढीच फ्यूजची योजना आहे. आणि ती पट्टी किती दुबळी असावी हें तारेच्या जाडीवरून ठरविलेलें असतें, आपल्या गरजेवरून नव्हे.

जुन्या जीपगाड्यांत कांचेच्या नळींतील फ्यूज असत. सन १९७६ मध्यें अमेरिकेंतील लिटलफ्यूज कंपनीनें प्लॅस्टिकच्या अंगांत दोन चपटे पाय बसविलेला फ्यूज काढला. आज बहुतेक सर्व मोटारींत हाच ब्लेड फ्यूज, लहानमोठ्या आकारांत, आढळतो. त्याचा रंग शोभेसाठीं नसतो. ५ अँपियरचा फिकट बदामी, ७.५ चा तपकिरी, १० चा तांबडा, १५ चा निळा, २० चा पिवळा, २५ चा पांढरा अथवा रंगहीन आणि ३० चा हिरवा, असा संकेत ठरलेला आहे. शिवाय आंकडाही डोक्यावर कोरलेला असतो. सॉकेटला बहुधा १०, १५ किंवा २० अँपियरचा फ्यूज असतो.

फ्यूज शोधण्यापूर्वीं तीन गोष्टी पाहून घ्याव्या, म्हणजे पुष्कळदां पुढील खटपट वांचते. पहिली, गाडीची किल्ली. कित्येक गाड्यांत किल्ली निदान एक घर फिरविल्याशिवाय सॉकेटला वीज येतच नाहीं. दुसरी, लावलेला चार्जर अथवा पंप. तो दुसऱ्या गाडींत लावून पाहावा. तेथेंही चालला नाहीं तर दोष त्या वस्तूंत आहे असें समजावें. हवेच्या पंपासारख्या वस्तूंच्या प्लगमध्यें स्वतःचा एक लहान कांचेचा फ्यूज पुष्कळदां असतो. प्लगच्या टोंकावरील गोल कडें फिरवून काढलें कीं तो बाहेर येतो. गाडी उलगडून बसणारे लोक हा फ्यूज हटकून विसरतात. तिसरी गोष्ट सॉकेटचें तोंड. बॅटरी दाखवून आंत पाहावें. एखादें नाणें, चॉकलेटचा चंदेरी कागद, तुटलेल्या चार्जरची स्प्रिंग, असें कांहीं आंत पडलें असेल तर कारण सांपडलेंच. मात्र तें काढावयास पकड किंवा खिळा घालूं नये. सॉकेटच्या तळाशीं मधोमध जें टोंक असतें तें बॅटरीच्या धन टोंकाशीं जोडलेलें असतें आणि बाजूची भिंत ऋण टोंकाशीं. धातूनें दोन्ही एकदम शिवलीं कीं चांगला फ्यूजही उडतो. किल्ली काढून, शक्य तर सॉकेटचा फ्यूजही उपसून, मग लाकडी काडीनें कचरा काढावा.

फ्यूजची पेटी बहुतेक गाड्यांत दोन ठिकाणीं असते. एक डॅशबोर्डच्या खालीं, चालकाच्या गुडघ्याजवळ अथवा डावीकडच्या कप्प्याच्या मागें. दुसरी बॉनेटखालीं बॅटरीच्या शेजारीं. सॉकेटचा फ्यूज बहुधा पहिल्या पेटींत असतो, तरी नियम नाहीं. झांकणाच्या आंतील बाजूस किंवा गाडीबरोबर मिळालेल्या पुस्तकांत त्यांचा तक्ता दिलेला असतो. येथें वाचकांची एक गंमतीची अडचण होते. तक्त्यांत ‘सॉकेट’ हा शब्द शोधावा तर तो सांपडत नाहीं. त्या जागीं इंग्रजींत ‘सिगार लायटर’ असें, किंवा त्याचें तोडकें रूप, नाहींतर जळत्या सिगारेटचें चित्र असतें. कारण हें सॉकेट मुळांत विडीकाडी शिलगावण्याच्या तापत्या लायटरसाठीं निर्माण झालें. लायटर पुष्कळ गाड्यांतून गेला, नांव मात्र राहिलें. कांहीं गाड्यांत पुढच्या व मागच्या सॉकेटचे फ्यूज निराळे असतात. कांहींत एकाच फ्यूजवर सॉकेट आणि रेडिओ असे दोन भार असतात. सॉकेटबरोबर आणखी काय बंद पडलें आहे हें पाहिलें तर तक्त्यांतील शोध निम्मा होतो.

आतां पारख. किल्ली काढून घ्यावी. पेटीच्या झांकणांत प्लॅस्टिकचा लहान चिमटा बहुधा ठेवलेला असतो. त्यानें फ्यूज सरळ वर उपसावा, वांकवूं नये. एका वेळीं एकच फ्यूज काढावा, व काढण्यापूर्वीं मोबाइलवर पेटीचें छायाचित्र घ्यावें. तक्त्यांत एअरबॅग अशी नोंद असलेल्या फ्यूजला हात लावूं नये. काढलेला फ्यूज उजेडासमोर धरला असतां पारदर्शक अंगांतून एक नागमोडी पट्टी दिसते. ती मध्येंच तुटलेली किंवा आंत काळें पडलेलें दिसलें तर फ्यूज उडाला हें निश्चित. परंतु पट्टी शाबूत दिसली म्हणून फ्यूज चांगला असें समजणें धोक्याचें आहे. पट्टीची केंसासारखी बारीक फट डोळ्यांस दिसत नाहीं, विशेषतः गडद रंगाच्या लहान फ्यूजमध्यें. मल्टिमीटर असल्यास तो तार अखंड आहे कीं नाहीं हें दाखविणाऱ्या खुणेवर ठेवून त्याचे दोन कांटे फ्यूजच्या दोन पायांस लावावे. आवाज झाला तर पट्टी अखंड.

फ्यूज न काढतांही परीक्षा होते, आणि आमच्या मतें शेतकऱ्यास तीच अधिक सोयीची. मोटारींतील ५ वॅटचा १२ व्होल्टचा लहान बल्ब घेऊन त्यास दोन तारा जोडाव्या. एकीस चिमटा, दुसरीस अणकुचीदार टोंक. मिस्त्री लोक ह्यालाच टेस्ट लॅम्प म्हणतात. चिमटा गाडीच्या लोखंडी सांगाड्यावरील रंग नसलेल्या नटास लावावा, किल्ली एक घर फिरवावी, आणि टोंक फ्यूजच्या डोक्यावर जे दोन बारीक धातूचे ठिपके उघडे असतात त्यांस आळीपाळीनें लावावें. दोन्हीकडे बल्ब लागला तर फ्यूज चांगला आहे. एकीकडे लागला व दुसरीकडे लागला नाहीं तर फ्यूज उडाला. दोन्हीकडे लागला नाहीं तर फ्यूजपर्यंत वीजच येत नाहीं. तेव्हां रिले, किल्लीची जोडणी अथवा मुख्य फ्यूज पाहावयास मिस्त्री हवा. मात्र असा निकाल देण्यापूर्वीं बल्ब एकदां बॅटरीच्या दोन टोंकांस लावून तो स्वतः जिवंत आहे ना, हें पाहावें.

थळसारख्या समुद्राकांठच्या गांवीं ह्या परीक्षेस आणखी एक पोटभेद जोडावा लागतो, व देशावरील गाडीच्या पुस्तकांत त्याचा उल्लेख सहसा सांपडत नाहीं. येथील वाऱ्यांत मीठ असतें. नारळी-पोफळीच्या वाडींत किंवा बंदराजवळ उभ्या राहणाऱ्या गाडीच्या फ्यूजच्या पायांवर, विशेषतः बॉनेटखालील पेटींत, पांढुरकी अथवा हिरवट भुकटी धरते. फ्यूज शाबूत असतो, मल्टिमीटरवर सॉकेटांत १२ व्होल्टही दिसतात, आणि तरी पंप लावला कीं तो फिरत नाहीं. ह्याचें कारण असें कीं मल्टिमीटर नांवापुरताच प्रवाह ओढतो. तेवढा प्रवाह गंजलेल्या सांध्यांतूनही येतो. खरा भार पडला कीं त्या सांध्यांत व्होल्ट खाल्ले जातात. एल.ई.डी. च्या टेस्टरनेंही हीच फसगत होते. म्हणून आमच्या किनाऱ्यावर साधा तारेचा बल्बच बरा. तो सॉकेटच्या मधल्या टोंकास व भिंतीस लावला असतां लख्ख पेटला तर वाट बहुधा मोकळी. मंद पेटला तर गंज समजावा. अशा वेळीं बॅटरीचें ऋण टोंक सोडवून फ्यूज काढावा, विद्युत्-सांध्यांसाठीं मिळणारा क्लीनर फवारून खांच स्वच्छ व कोरडी करावी आणि नवा फ्यूज बसवावा. कानशीनें किंवा जाड पॉलिशपेपरनें खरवडूं नये. पायांवरील मुलामा निघाला कीं गंज अधिक वेगानें धरतो. फ्यूजचें प्लॅस्टिक पायाजवळ वितळल्यासारखें अथवा तपकिरी झालेलें दिसलें तर खांचेंतील पकड ढिली झाली आहे. तेथें फ्यूज बदलून भागत नाहीं, खांच दुरुस्त करावी लागते.

नवा फ्यूज त्याच आकाराचा व त्याच आंकड्याचा घालावा, आणि तो टिकतो कसा इकडे लक्ष ठेवावें, कारण कारणाची खूण त्यांतच असते. सॉकेटमध्यें कांहीं न लावतां उडाला तर सॉकेटांत अथवा तारेंत दोष आहे. पावसाळ्यांत गोठ्याजवळ उभ्या असलेल्या गाडीच्या तारा उंदीर कुरतडतात, हें अशा वेळीं विसरूं नये. एखादी वस्तु लावतांक्षणीं उडाला तर दोष त्या वस्तूंत. वस्तु कांहीं वेळ चालून मग उडाला तर भार जास्त. खाचखळग्यांतून जातांनाच उडत असेल तर तार कोठेंतरी पत्र्याला घांसत आहे. दुसराही फ्यूज कारण न कळतां गेला तर तिसरा घालूं नये, मिस्त्रीकडे जावें.

भाराचा हिशेब सोपा आहे : वॅटला १२ नें भागिलें कीं अँपियर येतात. १० अँपियरचा फ्यूज म्हणजे १२० वॅट, १५ चा म्हणजे १८०. मोबाइलचा साधा चार्जर बहुधा दोन-तीन अँपियरांवर जात नाहीं. परंतु टायरचा पंप १० ते १५ अँपियर ओढूं शकतो, आणि १५० वॅटचा इन्व्हर्टर पुऱ्या भारावर सुमारें १४. एका सॉकेटला दोन-तीन तोंडांचा फांटा लावला म्हणून फ्यूज वाढत नाहीं, सर्वांची बेरीज एकाच तारेवर पडते. फवारणीच्या पंपाची बॅटरी नुसत्या दोन तारांनीं सॉकेटला जोडण्याची युक्ति तर सर्वथा टाळावी. रिकामी बॅटरी आरंभीं भलताच प्रवाह ओढते, आणि तारा उलट लागल्या तर फ्यूज त्याच क्षणीं जातो. तिचा स्वतःचा चार्जर घरीं लावावा हेंच बरें.

राहिला मोठ्या फ्यूजचा प्रश्न. निळा वारंवार जातो म्हणून हिरवा घातला, अशी उदाहरणें गॅरेजांतून नेहमीं ऐकूं येतात. निळ्या १५ च्या फ्यूजमधून सुमारें २० अँपियर गेले तर तो पाऊण सेकंद ते दहा मिनिटें ह्या अवधींत तुटतो, ३० गेले तर जास्तींत जास्त पांच सेकंदांत. त्या जागीं ३० चा घातला तर तेच ३० अँपियर तासन् तास वाहूं शकतात, आणि तार मात्र १५ च्या हिशेबाचीच राहते. चंदेरी कागद किंवा तांब्याची तार घातली तर कोणतीच मर्यादा उरत नाहीं. फाल्गुन-चैत्रांत कार्ले, खंडाळे ह्या बाजूच्या पांढऱ्या कांद्याच्या वाळल्या पातीच्या माळा गाडीभर लादलेल्या असतात, गोणपाट पसरलेलें असतें; त्यांच्यापुढें दोन हातांवर डॅशबोर्डच्या आंत तार तापत असते आणि चालकास प्रथम केवळ प्लॅस्टिक जळाल्याचा वास येतो. असा वास आल्यास गाडी बाजूस घेऊन, किल्ली काढून, माणसें उतरवावीं व बॅटरीचें ऋण टोंक सोडवावें. धूर दिसत असेल तर बॉनेट एकदम पूर्ण उघडूं नये.

आपल्या गाडीच्या तक्त्यांतील आंकडे पाहून प्रत्येक आंकड्याचे दोन-दोन फ्यूज, चिमटा आणि वर सांगितलेला बल्ब घट्ट झांकणाच्या डबींत घालून कप्प्यांत ठेवावे. डबी कोरडी असावी. खाऱ्या हवेंत उघडे पडलेले नवे फ्यूजही दोन पावसाळ्यांत पाय काळे करून बसतात.